हुकूमनाम्याची नक्कल : न मागितलेला हक्क

(एका बुद्धविहारात भरलेल्या महिला मेळाव्यात, न्यायालयाच्या नक्कल विभागातून सेवानिवृत्त झालेल्या एका उपासकाने केलेले भाषण.)



या मेळाव्यात बोलावे असा निरोप आला तेव्हा मी प्रथम नकार कळविला. मी वक्ता नव्हे. माझे आयुष्य न्यायालयाच्या नक्कल विभागात गेले. दुसऱ्यांच्या दाव्यांतील कागद काढावयाचे, त्यांच्या प्रती तयार करावयाच्या, त्या मूळ कागदाशी ताडून पाहावयाच्या आणि शिक्का मारून खिडकीतून द्यावयाच्या, एवढेच काम मी वर्षानुवर्षे केले. परंतु त्या खिडकीसमोर उभ्या राहिलेल्या आपल्या भगिनींचे चेहरे आठवले, आणि आपणास ठाऊक असलेले सांगितल्यावाचून राहणे हा त्यांच्याशी केलेला अन्याय होईल असे वाटले. म्हणून मी आलो.

घटस्फोट चांगला की वाईट, यावर मी बोलणार नाही. संसार सावरावा की संपवावा हा ज्याच्या त्याच्या विवेकाचा प्रश्न आहे. मी बोलणार आहे तो संसार कायद्याने संपल्यानंतर स्त्रीच्या हाती जो कागद यावयास हवा त्याविषयी. हा कागद तिच्या हक्काचा आहे. तो तिला फुकट मिळावा असे कायदा सांगतो. आणि तरीही आपल्यापैकी किती जणींच्या पेटीत तो आहे? मी हा प्रश्न जेथे जेथे विचारला तेथे तेथे फारच थोडे हात वर झाले.

एक प्रसंग सांगतो. एके दिवशी तिशीच्या आतबाहेरची एक बाई आपल्या भावाबरोबर माझ्या खिडकीशी आली. दुसऱ्या दिवशी तिच्या पुनर्विवाहाची बोलणी पक्की व्हावयाची होती. मुलाकडील माणसे शहाणी होती. त्यांनी विचारले, "पहिला घटस्फोट कोर्टातून झाला आहे ना? मग कोर्टाची नक्कल दाखवा." बाईने पदराखालून एक घडी घातलेला कागद काढून माझ्यापुढे ठेवला आणि म्हणाली, "दादा, याची कोर्टाची नक्कल करून द्या." मी कागद उघडला. तो शंभर रुपयांचा स्टॅम्प पेपर होता. त्यावर "आम्ही उभयता राजीखुशीने विभक्त होत आहोत" असे लिहिलेले होते. खाली पंचांच्या सह्या, दोन अंगठे आणि नोटरीचा लालभडक शिक्का होता. तरीही खात्री करावी म्हणून मी त्या वर्षाची आणि पुढच्या दोन वर्षांची नोंदवही चाळली. त्यांच्या नावाचा दावाच नव्हता. मला सांगावे लागले, "ताई, नक्कल कशाची देऊ? मूळच नाही."

ती बाई रडली नाही. तिने एवढेच विचारले, "मग मी इतकी वर्षे कोणाची बायको होते?" भगिनींनो, कायद्याच्या दृष्टीने त्या प्रश्नाचे उत्तर असे होते की, ती अद्यापही त्याच माणसाची बायको होती.

कागदाविना फारकत

आपल्या गावांतून काडीमोड, सोडचिठ्ठी, फारकत हे शब्द पिढ्यान् पिढ्या चालत आले आहेत. पंच बसावेत, काडी मोडावी, देणेघेणे चुकते करावे आणि दोघे मोकळे व्हावेत, ही चाल होती. ज्यांच्या घरी विधवेचे केस उतरविले जात त्यांच्यापेक्षा आपली चाल अधिक मोकळी होती, हे मान्य केले पाहिजे. परंतु चाल निराळी आणि हक्क निराळा. चाल पंचांच्या मर्जीवर चालते. हक्क कागदावर उभा राहतो.

आता कायदा काय म्हणतो ते ऐका. १९५५ चा हिंदू विवाह कायदा त्याच्या दुसऱ्या कलमाप्रमाणे बौद्धांनाही लागू आहे. कायद्याचे नाव अनेकांना खटकते. परंतु आपला विवाह विशेष विवाह कायद्याखाली झालेला नसेल, तर आपले विवाह आणि घटस्फोट आज याच कायद्याखाली येतात, ही वस्तुस्थिती जाणून वागले पाहिजे. या कायद्याच्या कलम २९ मध्ये रूढीने मिळणारा घटस्फोट राखून ठेवला आहे. त्याचाच आधार घेऊन गावचे पुढारी सांगतात की, "आपल्यात कोर्टाची गरज नाही." हे अर्धसत्य आहे, आणि अर्धसत्याने माणूस अधिक फसतो. अशी रूढी आपल्या समाजात आहे असे जो म्हणतो त्याने ती न्यायालयात स्पष्टपणे मांडली पाहिजे आणि पुराव्याने सिद्ध केली पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली स्पष्ट केले आहे. नुसता लेख करून ठेवल्याने विवाह संपत नाही.

रूढी सिद्ध करावी लागते, हा दंडक आपणास नवा वाटावयास नको. महाडच्या चवदार तळ्याच्या दाव्यात स्पृश्यांचे म्हणणे काय होते? अस्पृश्यांना तळ्यावर मज्जाव करण्याची रूढी अनादिकालापासून चालत आली आहे, असे ते म्हणत होते. मुंबई उच्च न्यायालयाने १७ मार्च १९३७ रोजी ठरविले की, ही रूढी सिद्ध झालेली नाही. रूढीचा नुसता उच्चार पुरेसा नाही, या तत्त्वावर बाबासाहेबांनी तो दावा जिंकला. ज्या तत्त्वाने आपणास पाणी मिळवून दिले, तेच तत्त्व आपल्या घरातील काडीमोडीला लावताना आपण का कचरावे? शिवाय १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला जुने आचार सोडण्याची प्रतिज्ञा घेणाऱ्या समाजाने स्त्रीचे भवितव्य मात्र जुन्या जातपंचायतीच्या हाती ठेवावे, हे दीक्षेशी सुसंगत आहे काय?

पंचांच्या कागदावर विसंबून दुसरे लग्न केले तर काय होते? पहिला विवाह कायद्याने जिवंत असेल तर दुसरा विवाह मुळातच रद्दबातल ठरतो, आणि द्विभार्याप्रतिबंधाचा गुन्हाही लागू शकतो. नवऱ्याच्या मृत्यूनंतर निवृत्तिवेतनाच्या टेबलापाशी दोन बायका उभ्या राहतात आणि दोघींच्याही हातांत धड कागद नसतो. हे दृश्य मी एकदा नव्हे, अनेकदा पाहिले आहे.

हा हक्क कोठून आला

न्यायालयातून विवाह संपविण्याचा हक्क आपोआप आलेला नाही. मुंबई प्रांतात हिंदूंच्या घटस्फोटाचा कायदा १९४७ साली झाला. सबंध देशासाठी बाबासाहेबांनी कायदेमंत्री या नात्याने हिंदू कोड बिल नेटाने पुढे रेटले, आणि त्याची वाताहत झालेली पाहून सप्टेंबर १९५१ मध्ये मंत्रिपदाचा राजीनामा दिला. राजीनाम्याची कारणे अनेक होती, पण हे त्यांतील एक मोठे कारण होते. पुढे त्याच बिलाचे तुकडे करून कायदे झाले. त्यांतला विवाहाचा कायदा १८ मे १९५५ पासून अंमलात आला.

त्या कायद्यात १९७६ साली दुरुस्ती झाली. परस्पर संमतीने घटस्फोट मिळण्याची सोय त्या दुरुस्तीने आली, हे बहुतेकांस माहीत आहे. परंतु त्याच दुरुस्तीने कलम २३ मध्ये एक लहानसे पोटकलम घातले. त्याचा आशय असा की, घटस्फोटाच्या हुकूमनाम्याने विवाह संपविला गेला असेल अशा प्रत्येक प्रकरणी, हुकूमनामा देणाऱ्या न्यायालयाने त्याची एक नक्कल उभय पक्षांपैकी प्रत्येकास विनामूल्य द्यावी. विशेष विवाह कायद्यातही हीच तरतूद कलम ३४ मध्ये आहे. यातील शब्द "देता येईल" असा नाही, "द्यावी" असा आहे. हे दान नव्हे, हे कर्तव्य आहे.

मग ही नक्कल आपल्या हाती का येत नाही? अनेकदा निकालाच्या दिवशी बाई हजर नसते. तारीख वकिलाने पाहावी, अशी समजूत असते. हुकूमनामा निकालाबरोबर तत्काळ तयार होत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेप्रमाणे तो शक्य तितक्या लवकर, आणि उशिरात उशिरा पंधरा दिवसांत तयार व्हावयाचा असतो. त्या पंधरा दिवसांनंतर पुन्हा न्यायालयाची पायरी चढावयास कोणी जात नाही. नक्कल फाइलीत पडून राहते आणि बाई गावी निघून जाते. न्यायालय कागद घेऊन तिच्या मागे धावत नाही. आपण मागितले पाहिजे.

निकालपत्र, हुकूमनामा आणि खरी नक्कल

येथे तीन शब्दांचा घोटाळा नेहमी होतो, तो आधी दूर करतो. न्यायाधीश ज्यात कारणे देऊन निर्णय लिहितात ते निकालपत्र. त्या निर्णयाचे फलित थोडक्यात सांगणारा, "अमुक विवाह या हुकूमनाम्याने विघटित करण्यात येत आहे" असे सांगणारा औपचारिक लेख तो हुकूमनामा. आणि या दोहोंपैकी कशाचीही, अधिकाऱ्याच्या सहीशिक्क्यानिशी, तारखेनिशी, मूळ कागदाबरहुकूम असल्याचा दाखला लिहिलेली प्रत ती खरी नक्कल, म्हणजेच प्रमाणित प्रत. घटस्फोट हुकूमनाम्याने होतो, नकलेने नव्हे. परंतु घटस्फोट झाला हे चार माणसांत, कचेरीत, दुसऱ्या न्यायालयात दाखवावयाचे तर नक्कलच लागते. पूर्वी १८७२ च्या पुरावा कायद्यात या नकलेला स्थान होते. १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियम आला, त्यातही ते स्थान कायम आहे. मूळ कागद हजर न करता या नकलेवरून त्यातील मजकूर शाबीत करता येतो.

हल्ली तरुण मुले मोबाइलवर दाव्याची स्थिती पाहतात आणि निकालाचा कागद मिळाला तर त्याची छापील प्रत काढून आणतात. माहितीपुरते ते ठीक आहे. परंतु त्या छापील प्रतीवर न्यायालयाचा दाखला नसतो. पासपोर्ट कचेरीने किंवा निवृत्तिवेतनाच्या कचेरीने ती परत केली तर तो कचेरीचा दोष नव्हे. वकिलाने दिलेली साधी झेरॉक्सही याच जातीची.

आणखी एक गैरसमज. काही कार्यकर्ते माहिती अधिकाराचा अर्ज टाकतात. तो हक्क मोलाचा आहे, पण येथे तो चालत नाही. न्यायालयाच्या स्वतःच्या नियमांप्रमाणे नक्कल मिळण्याची सोय असेल तेथे त्याच मार्गाने जावे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२० मध्ये दिला आहे. तेव्हा सरळ वाट नक्कल विभागाच्या खिडकीकडेच जाते.

अर्ज कसा करावा

ज्या न्यायालयाने निकाल दिला त्याच न्यायालयात अर्ज करावा. मुंबई आणि पुणे येथे १९८९ साली कुटुंब न्यायालये सुरू झाली, नंतर इतर शहरांतही झाली. जेथे कुटुंब न्यायालय नाही तेथे ही प्रकरणे वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायालयात चालतात. मुंबईतील १९८९ पूर्वीचा हिंदू विवाह कायद्याखालील निकाल हवा असेल तर शोध शहर दिवाणी न्यायालयापासून सुरू करावा लागतो. ज्यांच्या आईचा किंवा मावशीचा जुना कागद पाहिजे असेल त्यांनी हे ध्यानात ठेवावे.

अर्जात न्यायालयाचे नाव, विवाह याचिकेचा क्रमांक आणि वर्ष, उभय पक्षांची पूर्ण नावे, निकालाची तारीख, कोणकोणत्या कागदांच्या नकला आणि किती प्रती पाहिजेत, हे लिहावयाचे. अर्जदार स्वतः पक्षकार असल्याचे स्पष्ट लिहावे आणि ओळखपत्र सोबत ठेवावे. अर्जाला कोर्ट फी स्टॅम्प लागतो आणि पानांच्या हिशेबाने नकलेचे शुल्क भरावे लागते. घाईची नक्कल हवी असेल तर तसे लिहून जादा शुल्क भरावे. परंतु हुकूमनाम्याची पहिली नक्कल मागताना अर्जात कलम २३, पोटकलम ४ याचा उल्लेख करावा आणि "सदर नक्कल विनामूल्य मिळावी" असे एक वाक्य लिहावे. खिडकीवरील माणसाला ते कलम ठाऊक असेलच असे नाही. मीही नोकरीच्या पहिल्या काही वर्षांत ते वाचले नव्हते. एका वृद्ध वकिलाने मला पुस्तक उघडून दाखविले तेव्हा मी खजील झालो.

याचिकेचा क्रमांक हरवला असेल तर घाबरू नये. नाव आणि वर्ष यांवरून नोंदवहीत शोध घेता येतो. वर्षही नक्की आठवत नसेल तर जुनी समन्सची प्रत, वकिलाची पावती, तारखेची चिठ्ठी, काहीही घेऊन यावे. समन्सवर क्रमांक असतोच. दूरगावी राहणाऱ्या बाईने वकिलामार्फत किंवा मुखत्यारामार्फत अर्ज करावा. दलालाला मात्र पैसे देऊ नयेत. न्यायालयाच्या आवारात "नक्कल काढून देतो" म्हणणारा माणूस तुमचाच अर्ज तुमच्याच पैशाने त्याच खिडकीत देतो.

नक्कल हाती आली की ती तेथेच उभे राहून वाचावी. वाचता येत नसेल तर ज्याला येते त्याला बरोबर न्यावे. पाहावयाच्या गोष्टी चार आहेत. नावे बरोबर आहेत काय? विवाहाची आणि निकालाची तारीख बरोबर आहे काय? पाने सर्व आहेत काय? शेवटी दाखला, सही, तारीख आणि शिक्का आहे काय? नकलेत चूक असेल तर नक्कल विभाग ती मूळ कागदाशी ताडून दुरुस्त करील. चूक मूळ हुकूमनाम्यातच असेल, म्हणजे नाव चुकले, आकडा चुकला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५२ खाली त्याच न्यायालयात दुरुस्तीचा अर्ज केव्हाही करता येतो. सासरचे नाव आणि माहेरचे नाव यांच्या गोंधळात आपल्या भगिनींचे हुकूमनामे पुष्कळदा अडकतात, म्हणून हे मुद्दाम सांगतो.

मुदतीचा हिशेब

नकलेचा अर्ज लवकर करण्याचे एक कारण फार थोड्यांना माहीत असते. निकाल मान्य नसेल तर अपिलाला मुदत असते. नक्कल मिळण्यास लागलेला आवश्यक काळ त्या मुदतीतून वगळला जातो, असे १९६३ चा मुदतीचा कायदा कलम १२ मध्ये सांगतो. परंतु त्याच कलमाखाली एक स्पष्टीकरण आहे. नकलेचा अर्ज करण्यापूर्वी हुकूमनामा तयार करण्यात न्यायालयाचा जो वेळ गेला, तो वगळला जात नाही. याचा अर्थ काय? "हुकूमनामा तयार होऊ द्या, मग अर्ज करू" असे म्हणून जी घरी बसली तिचे दिवस वाया गेले. जिने निकालाच्या दिवशीच अर्ज दिला तिचे दिवस वाचले. म्हणून निकाल ऐकून बाहेर पडताना आधी नक्कल विभाग गाठावा, मग एस्टी स्टँड. नकलेवर अर्जाची, नक्कल तयार झाल्याची आणि दिल्याची तारीख लिहिलेली असते. ते आकडे अपिलाचा प्राण आहेत.

अपिलाच्या मुदतीविषयी हिंदू विवाह कायदा ९० दिवस सांगतो, तर कुटुंब न्यायालयाच्या कायद्यात ३० दिवसांचा उल्लेख आहे. या दोहोंची सांगड न्यायालयांनी घातली आहे, परंतु सामान्य माणसाने सावध नियम पाळावा. अपील करावयाचे असेल तर लहान मुदत धरून धावावे. पुनर्विवाह करावयाचा असेल तर मोठी मुदत धरून थांबावे, आणि समोरच्या पक्षाने अपील केलेले नाही याची वकिलाकडून खात्री करून घ्यावी. कारण कलम १५ प्रमाणे अपिलाचा हक्क संपल्यावर किंवा अपील फेटाळले गेल्यावरच पुन्हा विवाह करण्यास मोकळीक मिळते.

पाठीमागे झालेला निकाल

दुसरा प्रसंग याहून वेगळा होता. एका बाईला शेजारणीकडून कळले की, तिच्या नवऱ्याने घटस्फोट घेतला आहे. तिला समन्स कधी मिळालेच नव्हते. ती दोन वर्षे माहेरी होती, आणि समन्स मात्र सासरच्या पत्त्यावर गेले. बेलिफाने ते दाराला चिकटविले. तारखा झाल्या, आणि एकतर्फी हुकूमनामा झाला. गावात तिला सांगण्यात आले, "आता काही होत नाही. कोर्टाचा निकाल आहे."

ती माझ्याकडे आली तेव्हा तिने केवळ हुकूमनाम्याची नक्कल मागितली. कोणाला सल्ला देणे हे कारकुनाचे काम नव्हे. पण कागदांची नावे सांगणे हे तर माझेच काम होते. मी म्हणालो, "ताई, हुकूमनाम्याबरोबर निकालपत्र मागा, रोजनामा मागा, आणि समन्स बजावणीचा अहवालही मागा." रोजनाम्यात प्रत्येक तारखेला काय झाले ते असते. बजावणीच्या अहवालात समन्स कोठे, कसे आणि कोणाला दिले ते असते. तो अहवालच तिच्या बाजूचा सर्वांत मोठा साक्षीदार ठरला. समन्स रीतसर बजावले गेले नसेल तर एकतर्फी हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज, तो झाल्याचे कळल्यापासून तीस दिवसांत करता येतो. तिने तो केला. प्रकरण पुन्हा चालले. अखेरीस विवाह संपला तो संपलाच, तिलाही तो टिकवावयाचा नव्हता. परंतु मुलीचा ताबा आणि पोटगी तिचे म्हणणे ऐकून ठरली. पहिला निकाल तिच्या पाठीमागे झाला होता, दुसरा तिच्या समक्ष झाला. या दोहोंत जे अंतर आहे त्यालाच आपण न्याय म्हणतो.

पोटगीविषयी एक शब्द. फौजदारी न्यायालयाकडून मिळणाऱ्या पोटगीच्या आदेशाची नक्कलही ज्या व्यक्तीच्या बाजूने आदेश झाला तिला विनामूल्य द्यावयाची असते. पूर्वी ही तरतूद फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२८ मध्ये होती, आता ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४७ मध्ये आहे. नवरा पोटगी देत नसेल तर ही नक्कल घेऊन वसुलीचा अर्ज करावा, आणि रक्कम देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत करावा. वर्ष उलटले की या मार्गाने ती थकबाकी वसूल करणे कठीण होते. कागद पेटीत ठेवावा हे खरे, पण तो पेटीतच राहू देऊ नये.

कागद नष्ट होतात

न्यायालयाचे दप्तर अनंतकाळ टिकते, अशी पुष्कळांची समजूत आहे. तसे नाही. निकाल लागलेल्या प्रकरणातील कागदांची वर्गवारी होते, आणि ज्यांची मुदत संपली ते कागद नियमाप्रमाणे नष्ट केले जातात. निकालपत्र आणि हुकूमनामा अधिक काळ जपले जातात, परंतु अर्ज, पुरसिस, साक्षी, लहानमोठे पुरावे यांचे तसे नसते. म्हणून परस्पर संमतीचा घटस्फोट असेल तर केवळ हुकूमनामा घेऊन थांबू नये. ज्या संमतिपत्रात पोटगी, दागिने, भांडी, मुलांचा ताबा आणि शिक्षणाचा खर्च ठरला त्याचीही खरी नक्कल घ्यावी. पाच वर्षांनी भांडण उभे राहते ते विवाह संपला की नाही यावर नव्हे, काय ठरले होते यावर. आपण न्यायालयात दाखल केलेला मूळ विवाह दाखला किंवा इतर मूळ कागदही अपिलाची मुदत संपल्यावर अर्ज करून परत मागता येतात.

या नकला जपून वापराव्यात. कलम २२ प्रमाणे वैवाहिक प्रकरणे बंद दाराआड चालतात, आणि न्यायालयाने ज्याला अनुमती दिली असेल तो उच्च न्यायालयाचा किंवा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल सोडता त्यांतील मजकूर छापणे किंवा प्रसिद्ध करणे दंडास पात्र आहे. तिऱ्हाइताला अशा प्रकरणाची नक्कल सहजासहजी मिळत नाही, ती याच कारणासाठी. परंतु आपलीच माणसे घरातील कागदाची छायाचित्रे मोबाइलवरून नात्यागोत्यात फिरवितात. एका स्त्रीच्या दुःखाचा असा तमाशा करणाऱ्याने शीलाची भाषा बोलू नये.

खर्च आणि आपले कर्तव्य

"आम्ही गरीब, कोर्टकचेरी कशी करावी?" हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे प्रत्येक स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर साह्य मागता येते. अनुसूचित जातींच्या व्यक्तींनाही तोच हक्क आहे, आणि १९९० च्या दुरुस्तीनंतर बौद्ध झालेल्या अनुसूचित जातीच्या माणसांचा तो दर्जा केवळ धर्मामुळे जात नाही. तालुक्याच्या आणि जिल्ह्याच्या न्यायालयातच विधी सेवेची कचेरी असते. तेथे वकील मागावा, आणि नकलांच्या खर्चाचे साह्यही मागावे.

पण कायद्याची कलमे सांगून माझे काम संपत नाही. ज्या बाईला लिहिता येत नाही तिला अर्ज कोण लिहून देणार? ज्या विहारात आपण दर रविवारी वंदनेला जमतो त्याच विहारात एक टेबल, एक खुर्ची आणि शिकलेली एक मुलगी बसेल तर किती कामे होतील! नकलेचा अर्ज एका पानाचा असतो. तो लिहून देण्यास वकिलीची सनद लागत नाही. हे काम मुलींनीच करावे असा माझा आग्रह आहे, कारण बाई आपले दुःख बाईपाशी मोकळेपणाने बोलते.

पहिल्या प्रसंगातील त्या भगिनीचे पुढे काय झाले ते सांगून थांबतो. तिने ती बोलणी थांबविली. मुलाकडील मंडळींना तिने स्वतः सांगितले की, "माझ्याजवळ कागद नाही. तो घेतल्याशिवाय मी लग्न करणार नाही." गावचे पंच रागावले. "आमच्या शब्दाला किंमत नाही का?" असे त्यांनी विचारले. तिने मोफत साह्याने वकील घेतला, रीतसर याचिका केली, नवऱ्याची संमती मिळविली आणि मुदत पाळली. निकालानंतर ती पुन्हा माझ्या खिडकीशी आली. या वेळी मी नोंदवही उघडली तेव्हा तिचे नाव तीत होते. मी तिला हुकूमनाम्याची नक्कल दिली, विनामूल्य, कायद्याप्रमाणे. तिने तेथेच उभी राहून ती वाचली. शिक्का पाहिला, सही पाहिली, आपल्या नावावर बोट ठेवले आणि म्हणाली, "दादा, नाव बरोबर आहे."

भगिनींनो, आपल्या पूर्वजांची नावे दुसऱ्यांच्या वहीत कर्जदार म्हणून, वेठबिगार म्हणून लिहिली गेली. आपले नाव हक्कदार म्हणून लिहिलेला कागद हाती येण्यासाठी एका महापुरुषाने आयुष्य वेचले. तो कागद न्यायालयाच्या खिडकीत पडून राहू देऊ नका. आज घरी गेल्यावर पेटी उघडून पाहा. कागद नसेल तर उद्याच अर्ज करा.

जय भीम!